उलट्या काट्यांचे गुलाब

१८ नोव्हेंबर

चि. पिट्टू हिला आजीकडून टोपलीभर आशीर्वाद, वि. वि.

सगळ्यात आधी कोण आलं असेल तर माझा भाऊ, तुझा मामाआजोबा. तुझ्याशी कोणाचं जुळतं ते बघायला रक्ताचे नमुने घेणाऱ्या बाई नऊला यायच्या होत्या. हा साडेसहालाच रोपवाटिकेच्या फाटकाशी बाही वर करून उभा. बाईंनी वय विचारलं, यानं ताठ मानेनं बहात्तर सांगितलं. त्या म्हणाल्या, आजोबा, साठच्या वरचं चालत नाही. तर म्हणतो, अजून खताचं पोतं एकटा उचलतो, त्याचं काही धरा की. बाई भल्या, हसल्या नाहीत. म्हणाल्या, तुम्ही रांग सांभाळा. मग त्यानं अशी रांग सांभाळली की आपल्या टेम्पोच्या ड्रायव्हरला दोनदा मागं पाठवलं. पिशव्यांत माती भरणाऱ्या दोघी आल्या, पंपवाला आला, समोरचा सायकल दुरुस्त करणारा आला. त्याच्या बोटांचं ग्रीस निघता निघेना, बाईंची स्पिरिटची अर्धी बाटली त्याच्यावरच संपली.

आता मला कळलं तेवढं सांगते, चुकलं तर हस. तुझ्या डॉक्टरबाईंनी तुझ्या बापाला सांगितलं, त्यानं मला. मी चौथी शिकलेली, म्हणून आपल्या कामाच्या भाषेत फिरवून घेतलं. हाडाच्या आत मगज असतो, तो म्हणजे रोपांचा वाफा. लाल पेशी, पांढऱ्या पेशी, जखमेचं रक्त थांबवणाऱ्या बारक्या, सगळ्या तिथंच तयार होतात. ज्यांच्यापासून होतात त्या मूळपेशी, म्हणजे आईझाडं. तुझ्या वाफ्यातली आईझाडंच गेली, पोरी. बाहेरून रक्ताच्या पिशव्या चढवणं म्हणजे विकतची रोपं आणून लावणं, ते किती दिवस पुरणार? कोणाची तरी आईझाडं आणायला हवीत, आणि ती तुझ्या मातीला चालणारी हवीत. आईबापाची निम्मीच जुळली. परक्याची जुळणं म्हणजे लाखात एखादं. सख्ख्या भावंडाची चारात एक.

आणि तुला सख्खं भावंड एकच. शेडमधल्या सगळ्यांना ते माहीत होतं, आणि सगळे आपापल्या कामाला लागले. चार वर्षांपूर्वी ताईनं शहरात प्लॅस्टिकच्या फुलांचं दुकान घातलं आणि तुझा बाप म्हणाला, खोटी फुलं विकणारीनं या फाटकाच्या आत पाऊल टाकायचं नाही. मी तिथंच गुलाबाची कलमं करत, डोळे भरत बसले होते. मान वर केली नाही. दुकान उघडलं तेव्हा तिनं मला एकटीला पत्त्याचं कार्ड पाठवलं, ते बियांच्या डब्यात ठेवून दिलं. उत्तर नाही दिलं. मुलगा रागावेल म्हणून. इतकी म्हातारी होऊन मुलाला भ्यायचं, म्हणजे बघ.

काल त्या पत्त्यावर पत्र टाकलं. कोणाला विचारलं नाही.

सोबत पान आहेच. तू होस्टेलला गेलीस तेव्हापासूनचा आपला नेम, माझं अक्षर लागलं नाही तरी पानावरून कळावं की आजी आज कुठल्या वाफ्यावर बसली होती.

लोभ आहेच. कमी पडला तर कळव, इथं खताला तोटा नाही.

तुझी आजी


२९ नोव्हेंबर

ती. आजीला पलंगावरूनच नमस्कार, वि. वि.

तुझं पान लिंबाचं होतं, वास घेऊन ओळखलं. त्या दिवशी तू लिंबाच्या कलमांवर बसली होतीस.

गेल्या आठवड्यात एका दुपारी डोळे उघडले तर पलंगाच्या कठड्याला टेकून कोणीतरी चष्मा पुसत होतं. ओढणीच्या टोकानं, आधी डावी काच, मग उजवी, मग पुन्हा डावी. तोंडावर मास्क होता तरी ओळखली. ताई मला म्हणाली की मी चुन्यासारखी पांढरी पडले आहे आणि या घरात माणूस एवढं आजारी असताना चार ओळी आणि एक पान पाठवून कळवतात. मग बराच वेळ माझा पाय चेपत बसली. दुकान भावजींवर सोपवून आली होती. तुझं पत्र मिळाल्यावर तासाभरात निघाली म्हणे.

तिचं जुळलं, आजी. दहापैकी दहा. शाळेत तिला दहापैकी दहा कधी पडले नव्हते असं आई म्हणाली आणि दोघी हसता हसता रडायला लागल्या.

बाबा आणि ती बाहेरच्या बाकावर भेटले. मी दारातून बघत होते. बसथांब्यावरचे दोन परके बोलतील तसे बोलले. बाबांनी विचारलं, गाडीला गर्दी होती का. ती म्हणाली, बसायला मिळालं. संपलं.

तुला एकटीला सांगते. मला सुईची भीती नाही. डॉक्टरबाई म्हणाल्या, आधी औषध देऊन माझा उरलासुरला वाफा पूर्ण साफ करणार, त्यानंतर ताईचा मगज घालणार. साफ केल्यावर मागं फिरता येत नाही. तिच्या पेशींनी मूळ धरलं तर मी बरी. नाही धरलं तर माझं स्वतःचं काहीच शिल्लक नसेल. हे आईला बोलून दाखवत नाही.

आशीर्वाद पाठवत राहा, इथं ठेवायला कपाट आहे.

पिट्टू


२८ डिसेंबर

चि. पिट्टू हिला आजीचे मातीच्या हाताने पण मनापासून आशीर्वाद, वि. वि.

काल तू काचेच्या खोलीत गेलीस असं कळलं. मला येऊ देत नाहीत. माझ्या नखांतली माती चाळीस वर्षांची आहे, ती काय एका साबणानं जाते? फोनवर मला तू दिसत नाहीस, आवाज ऐकला की मी रडायला लागते आणि तुझी आई तुझ्या हातातून फोन काढून घेते. म्हणून पत्रच बरं.

तुझी भीती वाचली. खोटा धीर देत नाही. पण तू सात वर्षांची असताना काय केलं होतंस, आठवतं? मी बारा गुलाबांना डोळे भरून पट्ट्या बांधल्या होत्या. खुंटाच्या सालीला चीर, आत दुसऱ्या झाडाचा डोळा, वरून पट्टी, आणि एकवीस दिवस हात लावायचा नाही. तू आठव्या दिवशी बाराही पट्ट्या सोडल्यास. डोळा जगला का बघायला. जगत होते सगळे, तू बघितलंस म्हणून मेले. मी रागावले नाही, कारण माझ्या सासूबाईंच्या वेळी मीही तेच केलं होतं. तेव्हा आता दोघींनी मिळून हे एकवीस दिवस काढायचे. रोज आकडा विचारायचा नाही, डॉक्टरबाईंच्या तोंडाकडे बघत बसायचं नाही.

दोन तारखेला ताईचा मगज तुला देतील त्याच वेळी मी इथं चाळीस गुलाबांना डोळे भरायला बसणार. तुझा बाप त्याच्या वाफ्यातली फुलं घेऊन तुझ्याकडे निघणार आहे, कुठली कापायची ते आठवडाभर ठरवतोय.

एका गोष्टीचं मला फार नवल वाटलं. ताईच्या पेशी तुझ्या रक्तात सोडतात, हाडांत कोणी नेऊन घालत नाही. त्या आपल्या आपण फिरत फिरत हाडांपर्यंत जातात आणि तिथं मुक्काम करतात. त्यांना पत्ता कोण सांगतं? मी पत्त्यात एक आकडा चुकवला तर पाकीट आठवड्यानं माझ्याच दारात.

पान त्याच झाडाचं, ज्याचे डोळे मी भरणार आहे.

प्रेम आहे तसंच ठेव, पाणी मी घालते.

आजी


४ जानेवारी

ती. आजीला न वाकता नमस्कार, वि. वि.

तोंडात फोड आलेत, बोलता येत नाही, म्हणून लिहिते. थोडंच लिहीन.

मगजाची पिशवी उशीच्या अभ्र्याएवढी असेल असं वाटलं होतं. निघाली आपल्या चहाच्या पुड्याएवढी. गडद लाल. दोन तासांत थेंब थेंब आत गेली. मला काहीच वाटलं नाही, आणि त्याचंच वाईट वाटलं. एवढी मोठी गोष्ट, आणि साधी खाजसुद्धा नाही. ताईच्या कमरेच्या हाडातून काढला होता. शुद्धीवर आल्यावर ती चाकाच्या खुर्चीत बसून काचेपलीकडे आली आणि कमरेवर हात ठेवून मला दाखवलं, माझ्यामुळे कशी म्हातारी झाली ते. दुसऱ्या दिवशी परत गेली, शहरातल्या तिच्या घरी. तिला आपल्या घरी चल असं कोणी म्हटलं नाही.

बाबांचे गुलाब दुसऱ्या दारापाशीच अडले. इथल्या सिस्टर फार कडक आहेत. ताजी फुलं, माती, पानं, सगळं बंद, कारण त्यांच्यावरची बुरशी मला आत्ता वाघासारखी. माझ्या पांढऱ्या पेशी शून्य आहेत. बाबांनी विचारलं की मग कुठलं फूल चालेल. त्या म्हणाल्या, धुता येईल असं. बाबा खाली बाकावर तासभर गुलाब मांडीवर घेऊन बसले होते, आई सांगत होती.

आणि आजी, तुझ्या पाकिटातलं पान. सिस्टरांनी बाहेर उघडलं ते बरं. पत्र मला प्लॅस्टिकच्या पिशवीत घालून, पुसून मिळालं. यापुढे पान नको.

तुझी, टक्कल पडत चाललेली
पिट्टू


११ जानेवारी

चि. ताई हिला आजीचे आशीर्वाद, तुला हवे असतील तर, वि. वि.

पिट्टूला तीन दिवस ताप आहे. एकशे तीन. तुझी आई फोनवर नीट सांगत नाही, म्हणजे बरं नाही. तुला लिहिते कारण दुसऱ्या कोणाला सांगता येत नाही. मी तिच्या पत्रात पान घातलं होतं. गुलाबाचं. ते झाड त्याच्या आठ दिवस आधी भुरीच्या बुरशीनं पांढरं झालं होतं, मी पुसून औषध मारलं होतं, आणि तरी त्याचंच पान तोडून घातलं. नेम म्हणून. तुझ्या हाडातलं दिलेलं सगळं माझ्या एका पानानं गेलं तर? मी कलमाचा चाकू हातात घेते आणि तशीच बसते. एकवीस दिवस मोजायचे म्हणून मीच तिला सांगितलं, आणि मीच दिवसातून चार वेळा वॉर्डात फोन लावते.

आणखी एक. चार वर्षांपूर्वी तू फाटकातून गेलीस तेव्हा मी मान वर केली असती तर तू थांबली असतीस का, हे मी रोज स्वतःला विचारते. तुझं कार्ड माझ्याकडे आहे. त्याला कोपऱ्यातून मुंग्यांनी खाल्लंय, पत्ता शाबूत आहे.

तुझा बाप सकाळी दहाला दवाखान्यातून निघतो आणि पाचनंतर उगवतो, असं तुझी आई म्हणते. विचारलं तर सांगत नाही. तुला काही ठाऊक आहे का?

राग असला तरी पत्र लिही, राग मी वाचू शकते.

आजी


१५ जानेवारी

ती. आजीला दुकानाच्या गल्ल्यामागून नमस्कार, वि. वि.

आधी पानाचं. मी त्या सिस्टरांना फोन करून स्पष्ट विचारलं. ते दुसऱ्या दाराच्या आत गेलंच नाही, बाहेरच्या कचऱ्याच्या डब्यात गेलं. पांढऱ्या पेशी शून्य असताना ताप जवळजवळ सगळ्यांना येतो, बहुतेक वेळा आपल्याच तोंडातल्या-पोटातल्या जंतूंनी. औषध लागू पडलंय, काल रात्री ताप उतरला. तेव्हा चाकू उचल आणि कामाला लाग.

आता तुझ्या मुलाचं. तो माझ्याकडे येतो. दवाखान्यापासून माझं दुकान पाऊण तासावर. सहा तारखेला बाबा आले ते गिऱ्हाईकासारखे उभे राहिले. पिट्टूसाठी धुता येणारा एक गुलाब पाहिजे म्हणाले. मी चांगल्यातला काढून दिला. त्यांनी तो उजेडात धरला, फिरवला, चष्मा वर करून बघितला, आणि मला वाटलं आता फेकणार. म्हणाले, याचे काटे वरच्या बाजूला वळलेत. गुलाबाचा काटा खाली वळतो. चार वर्षांत माझ्याशी बोललेलं पहिलं धड वाक्य हे. माझ्या डोक्यात तिडीक गेली, आणि तोंडातून मात्र निघालं, "मग करून दाखवा."

स्टुलावर बसले. माझी कात्री घेतली, मेणबत्तीवर चिमटा तापवला, एक एक काटा उपटून उलटा चिकटवला. पानं पाच-पाचची केली, माझ्याकडे सगळी तीन-तीनची होती. एक झाल्यावर दुसरा घेतला. रोज येतात. चाळीस झाले. गिऱ्हाइकं थांबून बघतात, आणि तुझे नातजावई त्यांना चहा देऊन देऊन थकले. बोलतात ते फक्त काट्यांबद्दल. काल निघताना मात्र दारात थांबले आणि पाठमोरेच म्हणाले, "तुझी कमर अजून दुखते का?"

मी म्हटलं, नाही. दुखते, पण म्हटलं नाही.

पहिला गुलाब पिट्टूच्या खोलीत आहे. सिस्टर रोज स्पिरिटनं पुसतात.

मान वर केली असतीस तर मी थांबले असते. पण मग दुकान झालं नसतं. तेव्हा सोड.

लोभ चार वर्षांचा साठलाय, हप्त्याहप्त्यानं घे.

ताई


२४ जानेवारी

ती. आजीला उभं राहून नमस्कार, वि. वि.

बघ, उभं राहून. अकरा पावलं चालले, काचेपर्यंत.

तू आकडा विचारायचा नाही म्हणालीस, म्हणून तुला कोणी सांगितला नाही. आता ऐक. पांढऱ्या पेशी पंधरा दिवस शून्याच्या आसपास. सतराव्या दिवशी शंभर. मग तीनशे. मग सलग तीन दिवस पाचशेच्या वर. काल एकविसावा दिवस होता. डॉक्टरबाई आत आल्या, कागद बघितला आणि खुर्ची ओढून बसल्या. त्या कधी बसत नाहीत. म्हणाल्या, "तुझ्या बहिणीनं मूळ धरलं."

अजून शंभर दिवस जपायचं आहे. पाहुण्या पेशी कधीकधी घरमालकाशीच भांडण काढतात, अंगावर पुरळ येतं, पोट बिघडतं, त्यासाठी गोळ्या आहेत. तोवर मी आणि आई दवाखान्याजवळच्या खोलीत. आणि हळूहळू माझा रक्तगट बदलून ताईचा होणार आहे. माझ्या रक्तात आता ती फिरते. सिस्टर म्हणाल्या, बहीण हट्टी असेल तर सांभाळ.

तुझ्या पट्ट्या सोडल्यास का?

पिट्टू


६ एप्रिल

चि. पिट्टू हिला आजीचे अंगणभर आशीर्वाद, वि. वि.

चाळीसपैकी सदतीस डोळे जगले. मी तेविसाव्या दिवशी सोडल्या पट्ट्या, दोन दिवस जास्तीचे, तुझ्या नावानं. आता त्यांना वीतभर फुटवे आहेत.

काल दुपारी ताई आणि तुझे भावजी आले. फाटक तुझ्या बापानंच उघडलं, म्हणजे कडी काढली आणि लगेच बिजागरीला तेल घालायला वाकला, डोळे दिसू नयेत म्हणून. मामाआजोबा आधीच येऊन बसला होता. तो भावजींना खताचं पोतं उचलून दाखवायला निघाला, मी धोतर धरून बसवला. ताई आत आली, वाफ्यांमधून चालत माझ्यापर्यंत आली. मी डोळे भरत होते. या वेळी चाकू खाली ठेवला आणि मान वर केली. ती जाड झाली आहे. मी तिला तसं सांगितलं. ती म्हणाली, अर्धी पिट्टूला दिली तरी एवढी उरले.

तुला अजून कितीतरी महिने माती, कुंड्या, ताजी फुलं बंद, हे डॉक्टरबाईंनी लिहूनच दिलंय. म्हणून रस्त्याकडची खोली तुझ्यासाठी रिकामी केली. तिच्याभोवतीच्या दोनशे कुंड्या तुझ्या बापानं एकट्यानं मागच्या कोपऱ्यात नेल्या. भिंतींना रंग दिला. मला आत यायचं तर न्हाऊन, कपडे बदलून, नखं कापून यायचं, असा हुकूम आहे. मी नखं कापली. चाळीस वर्षांची माती गेली बघ, बोटं परक्याची वाटतात.

आणि खिडकीत फुलं आहेत. एकोणचाळीस. चाळिसावं तुझ्यापाशी. ताईनं खोक्यातून आणली, तुझ्या बापानं एक एक धुतलं, पुसलं, तारेला बांधलं. रस्त्यानं जाणारा पंपवाला थांबून म्हणाला, या वर्षी गुलाब लवकर फुलले. तुझा बाप म्हणाला, हो, थोरलीच्या वाफ्यातले आहेत. ताई आत कप विसळत होती, तिनं नळ बंद केला आणि मग उगाच पुन्हा सोडला.

संध्याकाळी दोघं गेली. तुझा शंभरावा दिवस येत्या शनिवारी, तू घरी पोचायच्या आत आम्ही इथं असू, असं सांगून गेलीत. आपण कलमांना बांधतो तशी तारखेची पाटी तुझ्या बापानं लिहिली आणि फाटकाला बांधली. शनिवार, बारा एप्रिल, सकाळी नऊ.